मंथरेची बाजू

कीर्तनात मंथरेचे नाव निघाले की श्रोत्यांच्या कपाळाला आठी पडते. तिची बाजू मांडावयास कोणी उभा राहत नाही. वकिली व्यवसायामुळे म्हणा, आम्हांस अशा पात्रांविषयी थोडी आस्था आहे. ती ज्यांनी पडद्यावर उभी केली त्या ललिता पवार यांच्याविषयी तर अधिकच.

येवल्यास १९१६ साली जन्मलेल्या ललिताबाई मूकपटांच्या काळातच नायिका झाल्या. पुढे 'संत दामाजी'तही त्या होत्या. दुष्काळात मंगळवेढ्याची कोठारे रयतेला खुली करणाऱ्या दामाजीपंतांचे देणे विठोबाने बीदरच्या दरबारी भरले, ही कथा जनवाड्याकडील वाचकांस सांगावयास नको.

१९४२ साली एका चित्रीकरणात मास्टर भगवान यांची थप्पड जोरात बसली. प्रसंग खोटा, आघात खरा! चेहऱ्याची एक बाजू लुळी पडली. दीर्घ उपचारांनंतरही डाव्या डोळ्यात व्यंग राहिले. कामगार नुकसानभरपाईचा कायदा १९२३ सालीच झाला होता. त्याच्या परिशिष्टात अंगठा, बोट, डोळा गमावल्यास कमाईची किती हानी धरावी याचे आकडे होते. चेहऱ्याचा रकाना मात्र नव्हता. नायिकेची तर सारी कमाई चेहऱ्यावरच.

त्या थपडेनेच त्यांना खाष्ट सासू बनविले, असे सर्रास म्हटले जाते. हे आम्हांस मान्य नाही. इजेने नायिकापद हिरावले, एवढेच खरे. १९४४ च्या 'रामशास्त्री'त त्या आनंदीबाई झाल्या, हे खरे. पण १९५५ साली 'मिस्टर अँड मिसेस ५५' मधील पुरुषद्वेष्टी आत्या आणि 'श्री ४२०' मधील मायाळू केळेवाली गंगामाई याच चेहऱ्याने साकारल्या. दुष्टपणा डोळ्यात असता, तर ही माया कोठून आली?

'अनाडी'तील (१९५९) मिसेस डिसा पाहावी. डिसा हे आडनाव कोकणी वाचकांस परके नाही. ही ख्रिस्ती घरमालकीण तोंडाने फटकळ, अंतःकरणाने आई. भेसळीच्या औषधाने ती मरते आणि खुनाचा आळ तिने पोटच्या पोराप्रमाणे सांभाळलेल्या भाडेकरूवर येतो. खटला रंगतो तो तिच्यावरील आपल्या लोभामुळेच. या भूमिकेस साहाय्यक अभिनेत्रीचे फिल्मफेअर पारितोषिक मिळाले.

१९६१ च्या 'संपूर्ण रामायण'मध्ये त्या मंथरा झाल्या. १९८७ साली दूरदर्शनवर रामानंद सागर यांचे 'रामायण' सुरू झाले, तेव्हाही मंथरा त्याच, वय सत्तरीचे. दर रविवारी दूरदर्शन संचाला हार घालणाऱ्या घरांतूनही तिला शिव्याशाप मिळाले. देवांच्या विनवणीवरून सरस्वतीनेच मंथरेची बुद्धी फिरविली, असे तुलसीदासांनी लिहून ठेवले आहे; हा पुरावा त्या दिवसांत कोणी पुढे आणला नाही. १९९८ च्या फेब्रुवारीत ललिताबाई पुण्यास निवर्तल्या.