माफिया, मोझरेला आणि मामा

तर झालं असं की मामा महिनाभरासाठी आमच्याकडे आले होते. नायगारा झाला, लिबर्टीचा पुतळा झाला, देवळं झाली, मॉल झाले. तिसऱ्या शनिवारी आता यांना न्यायचं कुठं हा प्रश्न पडला. हापिसातल्या एकानं सुचवलं, मॅनहॅटनच्या लिटल इटलीत चालत फिरायची एक टूर असते. माफियाच्या गोष्टी ऐकायच्या आणि मधेमधे इटालियन खायचं. मामांनी 'गॉडफादर' दोनदा पाहिलेला, त्यामुळे ते लगेच तयार. फक्त एक अडचण होती. शनिवार म्हणजे मारुतीचा वार, मामांचं मांसमच्छी बंद. म्हटलं बघू, चीज तरी मिळेलच.

खरं सांगायचं तर मला हे समीकरणच विचित्र वाटलं होतं. उद्या कुणी डोंगरीतल्या गँगवॉरची टूर काढली आणि मधे नल्ली निहारी खायला घातली तर कसं वाटेल? खून ऐकायचे आणि बोटं चाटायची! पण तीन तास पायपीट केल्यावर माझं मत बदललं. या दोन गोष्टी कुणी टुरिस्टांसाठी चिकटवलेल्या नाहीत, त्या आधीपासूनच एक होत्या. कशा ते सांगतो.

सुरुवात झाली पेट्रोसिनो स्क्वेअरला. नावाला स्क्वेअर, प्रत्यक्षात लाफायेत स्ट्रीटवरचा एक चिंचोळा त्रिकोण. ज्यो पेट्रोसिनो हा न्यूयॉर्क पोलिसांतला इटालियन अधिकारी. लहानपणी इटलीतून आला, बुटांना पॉलिश करत वाढला, १८८३ साली पोलिसात लागला. त्या काळी वस्तीतल्या दुकानदारांना चिठ्ठ्या यायच्या. अमुक इतके डॉलर अमुक ठिकाणी ठेवा, नाहीतर दुकान उडवू. खाली सहीऐवजी काळ्या पंजाचं चित्र. लक्षात घ्या, चिठ्ठी लिहिणारा इटालियन आणि जिला ती यायची ती माणसंही इटालियन. आयरिश पोलिसाला ना भाषा कळायची ना फारशी पर्वा होती, म्हणून पेट्रोसिनोच्या हाताखाली इटालियन पोलिसांचं वेगळं पथक काढावं लागलं. १२ मार्च १९०९ ला तो तपासासाठी सिसिलीत पालेर्मोला गेला असताना भर चौकात त्याला गोळ्या घातल्या. न्यूयॉर्कमधल्या त्याच्या अंत्ययात्रेला सुमारे दोन लाख माणसं रस्त्यावर होती.

तिथून दोन गल्ल्या वर प्रिन्स स्ट्रीट. आठ नंबरला एकेकाळी स्पॅगेटीची खानावळ होती आणि ती न्यूयॉर्कच्या पहिल्या माफिया टोळीचा म्होरक्या जुझेप्पे मोरेल्लो याच्या माणसांचा अड्डा होती. एप्रिल १९०३ मध्ये पूर्वेकडच्या अकराव्या रस्त्यावर एक लाकडी पिंप सापडलं, त्यात प्रेत कोंबलेलं. तळाशी भुसा, भुशात सिगारची थोटकं आणि कांद्याची सालं. पोलिसांनी काय केलं, तर पिंपावरच्या शिक्क्याचा माग काढला. पिंप साखरेचं होतं! शिक्क्यावरून साखर विकणारा व्यापारी सापडला आणि त्याच्या वह्यांवरून एलिझाबेथ स्ट्रीटवरचं पिएत्रो इन्झेरिल्लोचं मिठाईचं दुकान. प्रेताची ओळख पेट्रोसिनोनं पटवली. सिंग सिंगच्या तुरुंगात एका कैद्याला फोटो दाखवला, तो म्हणाला हा माझा मेव्हणा, बेनेदेत्तो मादोनिया. (आम्ही लॉग फाइली वाचून बग शोधतो त्याच्या वरताण काम आहे हे.) खुनाची शिक्षा मात्र कुणालाच झाली नाही. मोरेल्लो पुढे १९१० मध्ये खोट्या नोटा छापण्यात अडकला आणि त्याला पंचवीस वर्षं झाली.

खानावळ, मिठाईचं दुकान, साखरेचं पिंप. टोळीतला दुसरा मोठा माणूस इग्नात्सिओ लुपो, तो किराणा मालाचा व्यापारी. मला इथे पहिल्यांदा शंका आली की हा योगायोग नसावा.

मलबेरी स्ट्रीटवर २४७ नंबरपाशी गाइड बराच वेळ थांबली. इथे जॉन गॉटीचा रॅव्हेनाइट क्लब होता. एफबीआयनं वरच्या मजल्यावरच्या घरात माइक लपवून त्याचं बोलणं टेप केलं आणि ११ डिसेंबर १९९० ला त्याला इथूनच उचललं. क्लब गेल्यावर तिथं बुटांचं दुकान आलं. सगळ्यांनी फोटो काढले. मला गॉटीत फारसा रस नाही, महागडे सूट घालणारा गुंड यापलीकडे काही दिसत नाही, त्यामुळे पुढे जातो.

पुढे म्हणजे खाली, ग्रँड स्ट्रीटला. इथे खरी मजा. फेरारा बेकरी १८९२ पासूनची. चीजचं दि पालोंचं दुकान १९२५ पासूनचं. कोपऱ्यावरचं अलेवा डेअरी हेही १८९२ चं, पण ते २०२३ मध्ये इथून गेलं. ताजा मोझरेला खाल्लात का कधी? पिझ्झ्यावरचा रबरी नव्हे. गरम पाण्यात मळून केलेला, दाबला की दूध सुटणारा. मामांनी एक तुकडा तोंडात टाकला आणि डोळे मिटले. कानोलीवर त्यांचा निकाल असा, "करंजीच आहे रे, फक्त दोन्हीकडनं उघडी ठेवलीय."

खाताखाता गाइडनं आर्टिचोकची गोष्ट सांगितली आणि माझी ट्यूब पेटली. आर्टिचोक ही कमळाच्या कळीसारखी दिसणारी भाजी, इटालियन घरात तिच्यावाचून अडतं. माल यायचा थेट कॅलिफोर्नियाहून. मोरेल्लोचा भाऊ (आई एक, वडील वेगळे) चिरो तेरानोव्हा यानं १९३० च्या सुमारास हा धंदा मुठीत घेतला. येणारा माल आपणच विकत घ्यायचा, भाव चढवायचा आणि व्यापाऱ्यांनी तो मुकाट्यानं घ्यायचा. लोक त्याला आर्टिचोकचा राजा म्हणत. शेवटी २१ डिसेंबर १९३५ च्या पहाटे महापौर ला ग्वार्दिया, हाही इटालियन बापाचा मुलगा, ब्रॉंक्सच्या घाऊक बाजारात गेला, ट्रकवर चढला, तुतारी वाजवायला लावली आणि जाहीर केलं की आजपासून शहरात आर्टिचोक विकायला आणि बाळगायलाही बंदी! ऐन नाताळात. तीन दिवसांत भाव उतरले आणि बंदी उठली. तेरानोव्हा १९३८ मध्ये मेला तेव्हा कफल्लक होता.

सोनं नाही, कापड नाही, आर्टिचोकच का? कारण भाजी नासते. नासणाऱ्या मालाच्या व्यापाऱ्याला भांडायला वेळच नसतो. त्याला मारायची गरज नाही, नुसता उशीर केला की पुरे. याचं सगळ्यात शुद्ध उदाहरण इथून जवळच होतं, फुल्टनच्या मासळी बाजारात. तिथे मासळीचे ट्रक कुणी, कधी आणि कोणत्या क्रमानं उतरवायचे हे टोळीच्या माणसांच्या हातात. आपला माल आपण उतरवायची सोय नाही. पैसे नसतील तर थांबा, बर्फ वितळतोय तोवर. १९३० च्या दशकात सुरू झालेला हा प्रकार मोडायला शहराला १९९५ मध्ये वेगळा कायदा करावा लागला. आमच्या भाषेत सांगायचं तर अख्ख्या यंत्रणेत एकच चिंचोळी वाट आणि तिथे टेबल टाकून बसलेला माणूस.

हे मी मामांना मराठीत समजावून सांगत होतो. ते म्हणाले, "मला काय सांगतोस?"

मामांचा दादरला भाजीचा गाळा होता, हे मला माहीत होतं. पुढचं माहीत नव्हतं. ८६-८७ ची गोष्ट. दर शनिवारी एक पोरगा यायचा, नमस्कार करायचा, पाकीट घेऊन जायचा. एका शनिवारी मामांनी नाही म्हटलं. सोमवारी नाशिकहून आलेला टोमॅटोचा ट्रक गल्लीच्या तोंडाशी उभा राहिला. पुढे एक टेम्पो 'बंद पडलेला'. हमाल हात लावेनात. कुणी शिवी दिली नाही, कुणी चाकू दाखवला नाही. दुपारी बाराला टेम्पो आपोआप सुरू झाला. मे महिना होता. "करंड्यांतून रस गळत होता," मामा म्हणाले. पुढच्या शनिवारपासून पाकीट तयार. आजोबांना, आईला, कुणालाच सांगितलं नव्हतं.

सिसिलीत हप्त्याला 'पिझ्झो' म्हणतात. मूळ अर्थ पक्ष्याची चोच. सगळ्यांच्या ताटात जराशी चोच बुडवायची, एवढंच.

शेवटचा थांबा मलबेरी आणि हेस्टरचा कोपरा. ७ एप्रिल १९७२ च्या पहाटे इथल्या उंबर्टोज क्लॅम हाउसमध्ये ज्यो गॅलो आपला त्रेचाळिसावा वाढदिवस साजरा करून बायको आणि तिच्या लहान मुलीसोबत जेवत बसला होता, तेव्हा त्याला मारलं. 'गॉडफादर' थिएटरात लागून जेमतेम तीन आठवडे झाले होते. गॅलोनं पूर्वी ज्याच्याविरुद्ध बंड केलं तो टोळीप्रमुख ज्यो प्रोफाची कशाचा बडा आयातदार होता, सांगा बघू? ऑलिव्ह ऑइलचा.

आता तिथे दुसरंच हॉटेल आहे. आणि ज्यांच्यासाठी ही वस्ती ओळखली जाते तीही माणसं नाहीत. इटलीत जन्मलेले २,१४९ लोक इथे १९५० मध्ये राहायचे, २००० च्या जनगणनेत ४४, पुढच्या पाहणीत एकही नाही.

गाइडनं विचारलं, काही प्रश्न? मामांनी मला कोपरानं ढोसलं. "तिला विचार, त्या पंजाच्या चिठ्ठ्या यायच्या त्या दुकानदारांची नावं काय?"

मी विचारलं. तिला सगळ्या गुंडांची टोपणनावंसुद्धा पाठ होती. ती थोडा वेळ गप्प राहिली. मग म्हणाली की हा प्रश्न तिला आजवर कुणी विचारला नव्हता, आणि तिच्या टिपणांत एकही नाव नाही.

परतीच्या गाडीत मी फोनवर शोधत बसलो. न्यूयॉर्कचं काही हाती लागलं नाही, पण पालेर्मोचं एक नाव मिळालं. लिबेरो ग्रास्सी, कपड्यांचा कारखानदार. १० जानेवारी १९९१ ला त्यानं तिथल्या वर्तमानपत्रात 'प्रिय खंडणीखोरा' असं उघड पत्र लिहिलं की मी पैसे देणार नाही. इतर कारखानदारांनी साथ द्यायची सोडून त्यालाच नावं ठेवली. २९ ऑगस्टला घराजवळ त्याला गोळ्या घातल्या. २००४ मध्ये तिथल्या काही तरुण पोरांनी रातोरात भिंतींवर हप्त्याविरुद्ध स्टिकर लावले, त्यातून 'अद्दिओपिझ्झो' नावाची चळवळ उभी राहिली. हप्ता न देणारे दुकानदार दारावर तशी पाटी लावतात. आणि हो, त्यांचीही चालत फिरायची टूर असते, खाण्यासकट.

मामा ऐकत होते. मांडीवर मोझरेलाची पिशवी, ती दोन्ही हातांनी धरलेली.

"दारावर पाटी लावतात?"

"हो."

"नावासकट?"

"दुकानाचीच पाटी मामा, म्हणजे नाव आलंच."

एक स्टेशन गेलं. मग म्हणाले, "तिकडचे टोमॅटो कसे असतात रे?"