लाटांचे अनुबोधपट

गिरणीच्या फाटकावर बोलण्यात आमचा जन्म गेला. तेव्हा फळीवर उभे राहून समुद्राच्या लाटांवर स्वार होणाऱ्या तरुणांच्या चित्रपटांविषयी आम्ही बोलावे, याचे कुणाला नवल वाटेल. परंतु या चित्रपटांचा इतिहास आम्हांला आवडला, तो कष्टाचा इतिहास म्हणून.

हा खेळ मूळचा हवाई बेटांतील रहिवाशांचा. पुढे तो कॅलिफोर्नियातील गोऱ्या तरुणांनी उचलला. १९५३ साली बड ब्राउन या शाळामास्तरांनी सांता मोनिका येथील एका शाळेच्या सभागृहात आपला लाटास्वारीचा चित्रपट ६५ सेंट तिकीट लावून दाखविला. चित्रण त्यांचे, जुळणी त्यांची, आणि पडदा उजळला की ध्वनिक्षेपकावरून निवेदन करणारेही तेच. ना मालक, ना मुकादम!

याच वाटेने ब्रूस ब्राउन आले. १९६३ च्या अखेरीस दोन तरुणांना घेऊन ते उन्हाळ्याच्या मागोमाग पृथ्वीप्रदक्षिणेला निघाले. सुमारे ५०,००० डॉलरांत 'द एंडलेस समर' तयार झाला. वितरक म्हणाले, समुद्रापासून दूर हे कोण पाहणार? ब्राउन यांनी तो भर हिवाळ्यात कॅन्सस प्रांतातील विचिटा शहरात लावला. तेथून समुद्र शेकडो कोस दूर; तरी लोकांनी गर्दी केली. १९६६ साली तो न्यूयॉर्कमध्ये लागला व पुढे जगभर गाजला. जिद्दीच्या या यशाला आम्ही मनापासून दाद देतो.

पण याच चित्रपटात ही मंडळी दक्षिण आफ्रिकेत, केप सेंट फ्रान्सिसला जातात. वाळूच्या टेकड्या ओलांडून त्यांना अपूर्व लाट सापडते. तेव्हा तेथे वर्णभेदाचे राज्य होते. सार्वजनिक जागा वंशावार राखून ठेवण्याचा कायदा १९५३ चा; १९६० च्या दुरुस्तीने त्यात समुद्र आणि किनाराही आला. चित्रपटात या अन्यायाचे काय दिसते? मासळीच्या निमित्ताने केलेला एक थट्टेचा शेरा, बस्स!

१९७२ साली हवाईचा नामांकित लाटास्वार एडी आयकाऊ स्पर्धेसाठी डर्बनला गेला, तेव्हा वर्णावरून त्याला हॉटेलात जागा नाकारली गेली. ज्यांच्या पूर्वजांनी हा खेळ जगाला दिला, त्यांच्याच वंशजाची ही गत! तो कायदा १९९० साली रद्द झाला. एडीच्या जीवनावरील अनुबोधपट २०१३ साली आला.

ब्राउन दुष्ट होते, असे आमचे म्हणणे नाही. लाटेवर डोळा लागला की किनाऱ्यावर कोणाला मज्जाव आहे, हे दिसेनासे होते. आमच्या-तुमच्या बाबतीतही हेच घडते. म्हणून अनुबोधपट जरूर पाहावा, त्यातील श्रमाचे कौतुक करावे. आणि दिवे लागल्यावर शेजाऱ्याला एवढेच विचारावे, की यात कोण दिसले नाही?