सातबाऱ्यावरचे टिंब आणि खत-बियाण्याचा हिशोब

जव्हार, मोखाडा भागात खाचरात भात आणि वरकस जमिनीवर नागली, वरी घेतली जाते. जमिनीचे तुकडे लहान, शिफारस मात्र हेक्टरी असते. त्यामुळे हिशोब दशांशात करावा लागतो. टिंब एक घर सरकले, तर मात्रा दहापट होते किंवा दहाव्या हिश्शावर येते.

१) क्षेत्र वाचणे
सातबाऱ्यावर क्षेत्र हेक्टर, आर, चौरस मीटर या क्रमाने असते. १ हेक्टर म्हणजे १०० आर. १ आर म्हणजे १०० चौ.मी. ०.३२.५० म्हणजे ३२ आर ५० चौ.मी. हिशोबासाठी दुसरे टिंब काढून ०.३२५० हेक्टर लिहावे. गुंठे माहीत असल्यास त्यांना ४० ने भागून एकर आणि एकराला २.४७ ने भागून हेक्टर काढावे.

२) बियाणे
नागलीच्या लावणीसाठी हेक्टरी ५ किलो बियाणे धरू. क्षेत्र ०.०८.०० असेल, तर
०.०८ × ५ = ०.४ किलो, म्हणजे ४०० ग्रॅम.
हेच क्षेत्र ०.८ वाचले, तर ४ किलो येते. तेवढे बियाणे त्याच गादीवाफ्यावर पेरल्यास रोपे दाट आणि किडकिडीत होतात.

३) खत
भाताच्या सुधारित जातींना हेक्टरी १००:५०:५० किलो नत्र, स्फुरद, पालाश धरू. माती परीक्षणाचा अहवाल असल्यास त्यातील आकडे घ्यावेत. ०.३२५० हेक्टरसाठी:
- नत्र: ०.३२५ × १०० = ३२.५ किलो
- स्फुरद व पालाश: ०.३२५ × ५० = प्रत्येकी १६.२५ किलो

युरियात ४६ टक्के नत्र असते, म्हणून ३२.५ ÷ ०.४६. भाजकातले टिंब घालवण्यासाठी दोन्ही संख्यांना १०० ने गुणावे: ३२५० ÷ ४६ = ७०.६५ किलो युरिया. ४५ किलोची एक गोणी आणि वर साधारण २५.५ किलो.
- सिंगल सुपर फॉस्फेट (१६ टक्के): १६.२५ ÷ ०.१६ = १०१.५६ किलो, म्हणजे ५० किलोच्या सुमारे दोन गोण्या
- म्युरेट ऑफ पोटॅश (६० टक्के): १६.२५ ÷ ०.६० = २७.०८ किलो

युरिया लावणीवेळी ४०, फुटव्यांवर ४० आणि पोटरीत २० टक्के द्यायचा असल्यास ७०.६५ ला ०.४ व ०.२ ने गुणावे: २८.२६, २८.२६ आणि १४.१३ किलो. शेतात २८, २८ आणि १४ किलो मोजले तरी चालते.

४) विक्रीची पावती
३ क्विंटल ५० किलो म्हणजे ३.५०, ३ क्विंटल ५ किलो म्हणजे ३.०५. २०२५-२६ मध्ये साधारण भाताचा हमीभाव क्विंटलला २,३६९ रुपये आहे. ३.५० च्या जागी ३.०५ लिहिले गेले, तर ०.४५ × २,३६९ = १,०६६.०५ रुपये कमी मिळतात. पावती काट्यावरच वाचून घ्यावी.

पडताळणी
- एकापेक्षा लहान संख्येने गुणले की उत्तर घटते, भागले की वाढते.
- युरिया नत्राच्या दुपटीहून थोडा जास्त (२.१७ पट) यायला हवा, सुपर फॉस्फेट स्फुरदाच्या सव्वासहा पट.
- उत्तर यात बसत नसेल, तर गोणी फोडण्यापूर्वी टिंब पुन्हा तपासावे.