जळलेल्या भिंतीची नक्कल

नाराच्या एक दिवसाच्या सहलीत होर्युजी सगळ्यात शेवटी येतं आणि तोवर माणसं दमलेली असतात. गेल्या नोव्हेंबरात क्योटोहून सकाळी निघालेली आमची बस आधी तोदाइजीला थांबली, मग हरणांना बिस्किटं खाऊ घालण्याचा कार्यक्रम झाला, मग कासुगा देवळातले शेवाळलेले दगडी दिवे, मग जेवण. साठीच्या गाइडबाई हातात छोटा पिवळा झेंडा घेऊन पुढे आणि आम्ही बावीस जण त्या झेंड्यामागे. अशा सहलींना नाकं मुरडणारे बरेच असतात. मीही त्यांतलीच होते. पण परक्या देशात, भाषा येत नसताना, कुणीतरी बोट धरून नेणारं असलं की बरं वाटतं हे कबूल करायला हवं. शिवाय अनुवादकानं गाइडला नावं ठेवावीत हे जरा जास्तच झालं.

तोदाइजीच्या महाबुद्धासमोर बाईंनी खास आमच्यासाठी, म्हणजे बसमधल्या सहा भारतीयांसाठी, एक गोष्ट सांगितली. ७५२ साली या मूर्तीचे डोळे उघडण्याचा विधी झाला तो बोधिसेन नावाच्या भारतीय भिक्षूच्या हस्ते. हा ७३६ मध्ये जपानला पोचला होता. त्याच्या हातातल्या कुंचल्याला लांब दोऱ्या बांधल्या होत्या आणि जमलेल्यांनी त्या धरल्या होत्या. डोळा रेखताना सगळ्यांचाच हात लागावा म्हणून. तो कुंचला शोसोइनच्या भांडारात अजून जपून ठेवलेला आहे. आमच्यातल्या पुण्याच्या एका काकांचा चेहरा उजळला. "म्हणजे सगळं आपलंच की हो!" ते मला मराठीत म्हणाले. बाईंना मराठी येत नव्हतं, पण सूर कळला असावा. त्या शांतपणे पुढे म्हणाल्या की ११८० आणि १५६७ अशा दोन वेळा हे मंदिर जळलं, मूर्तीचं आताचं डोकं सतराव्या शतकातलं आहे आणि सभोवतालची इमारत १७०९ची. बोधिसेनानं रेखलेले डोळे केव्हाच गेले. कुंचला राहिला. डोळे नंतरच्या लोकांनी केले.

होर्युजीला पोचलो तेव्हा ऊन कलायला लागलं होतं. राजपुत्र शोतोकुनं ६०७च्या सुमारास स्थापलेला हा विहार ६७० साली जळाला असं 'निहोन शोकी' या जुन्या इतिहासग्रंथात लिहिलं आहे. आज उभं आहे ते त्यानंतर बांधलेलं, तरीही जगातल्या सर्वांत जुन्या लाकडी इमारतींत मोडणारं. तिथल्या कोंदोत, म्हणजे मुख्य मंदिरात, बारा भिंतींवर चित्रं होती. चार मोठ्या भिंतींवर बुद्धांचे स्वर्ग, आठ लहान भिंतींवर बोधिसत्त्व. सहाव्या भिंतीवर अमिताभ आणि त्याच्या शेजारी किंचित कमरेत वाकून उभा असलेला अवलोकितेश्वर. मिणमिणत्या उजेडात, जाळीला नाक लावून मी तो पाहिला आणि क्षणभर मला अजिंठ्याच्या पहिल्या लेण्यात असल्यासारखं वाटलं.

मी औरंगाबादची. चौथीत असताना शाळेच्या सहलीत एसटीनं अजिंठ्याला गेले होते. तीही एका दिवसाचीच सहल. बाहेर एक माणूस पत्र्यावर ऊन घेऊन ते आत परतवत होता. त्या थरथरत्या उजेडात पद्मपाणीचा चेहरा एकदा दिसला आणि पत्रा हलला तसा नाहीसा झाला. त्यानंतर मी अजिंठ्याला सात-आठ वेळा तरी गेले असेन, पण माझ्या मनातला पद्मपाणी हा त्या पत्र्याच्या उजेडातलाच आहे.

"हे मूळ नाही," गाइडबाई म्हणाल्या. "ही मोशा आहे." मोशा म्हणजे नक्कल, प्रतिकृती. मूळ चित्रं २६ जानेवारी १९४९च्या पहाटे जळाली.

ती कशी जळाली हे ऐकताना माझ्या अंगावर काटा आला. ती जळाली नक्कल करताना. चित्रं विरत चालली आहेत म्हणून १९४० पासून चित्रकारांच्या तुकड्या त्यांच्या प्रतिकृती करत होत्या. मध्ये युद्ध आलं, काम थांबलं, पुन्हा सुरू झालं. मंदिर अंधारं, म्हणून आत विजेचे दिवे आणले गेले. जानेवारीतली थंडी, हात बधिर होतात, म्हणून बसायला विजेवर तापणाऱ्या उशा. आगीचं नेमकं कारण कधीच निर्विवाद ठरलं नाही, पण सर्वांत जास्त संशय अशाच एका उशीवर घेतला जातो. वृद्ध मठाधिपती साएकी जोइन जळत्या मंदिरात शिरू पाहत होते, त्यांना धरून ठेवावं लागलं. छपराचा आणि वरच्या मजल्याचा भाग दुरुस्तीसाठी आधीच उतरवलेला होता, म्हणून तेवढा वाचला. आणि वरच्या बाजूची उडत्या अप्सरांची छोटी चित्रं काढून ठेवली होती, तीही वाचली. बारा भिंतींचे रंग गेले. काळवंडलेल्या त्या भिंती राळेनं घट्ट करून आवारातच एका बंद कोठारात ठेवल्या आहेत. पुढच्याच वर्षी जपाननं सांस्कृतिक वारशाच्या रक्षणाचा कायदा केला आणि १९५५ पासून २६ जानेवारी हा तिथे वारसावास्तूंच्या अग्निप्रतिबंधाचा दिवस आहे. आम्ही दिल्लीकर त्या दिवशी कर्तव्यपथाच्या आसपासचे बंद रस्ते मोजत असतो.

आता जी चित्रं दिसतात ती १९६७-६८ मध्ये नव्यानं केलेली, मुख्यतः १९३५ साली क्योटोच्या बेन्रिदो या छापखान्यानं काढून ठेवलेल्या काचेच्या निगेटिव्हच्या आधारानं. म्हणजे भिंतीचा फोटो, फोटोवरून चित्र, ते पुन्हा भिंतीवर. अनुवादाच्या अनुवादाला आम्ही लोक जरा कमी लेखतो. इथे त्याच्यावाचून काही उरलंच नसतं.

मला मात्र एक नाव शोधायचं होतं, आणि ते बाईंना माहीत होतं याचं मला आश्चर्य वाटलं. आराई काम्पो. १९१६ मध्ये रवींद्रनाथ ठाकूर जपानला गेले तेव्हा एका जपानी चित्राची प्रत करून देण्याच्या निमित्तानं या चित्रकाराचा त्यांच्याशी संबंध आला आणि तो बंगालमध्ये आला. १९१७-१८च्या हिवाळ्यात तो अजिंठ्याला पोचला. 'कोक्का' या कलाविषयक नियतकालिकासाठी जपानी अभ्यासकांना अजिंठ्याच्या प्रतिकृती हव्या होत्या, कारण होर्युजीच्या भिंतींशी असलेलं त्यांचं साम्य सगळ्यांनाच जाणवत होतं. निजामाच्या मुलखातल्या त्या घळीत आराई आणि त्याचे सहकारी काही महिने भिंतीसमोर बसून राहिले. त्या प्रतिकृती तोक्योच्या इंपीरियल विद्यापीठात ठेवल्या होत्या. सप्टेंबर १९२३च्या भूकंपानंतरच्या आगीत त्या जळाल्या. पुढे १९४० मध्ये होर्युजीच्या भिंतींची नक्कल सुरू झाली तेव्हा एका तुकडीचा प्रमुख म्हणून आराईलाच बोलावलं गेलं. १९४५ मध्ये, काम अपुरं असताना, तो वारला. दुसऱ्या एका तुकडीचे प्रमुख इरिए हाको १९४८ मध्ये गेले. दोघांनीही ती आग पाहिली नाही.

अजिंठ्याच्या नकलांना तर आगीचा शापच असावा असं वाटतं. मद्रासच्या लष्करातला रॉबर्ट गिल १८४४ पासून जवळपास वीस वर्षं तिथे राहून चित्रं उतरवत होता. त्यांतली बहुतेक १८६६ मध्ये लंडनच्या क्रिस्टल पॅलेसमध्ये जळाली. मग १८७२ पासून जॉन ग्रिफिथ्स मुंबईच्या जे. जे. कलाशाळेतले विद्यार्थी घेऊन हिवाळ्यामागून हिवाळे तिथे गेला. त्यांतल्या बऱ्याच प्रती १८८५ मध्ये लंडनमध्येच साउथ केन्सिंग्टनला जळाल्या. त्या विद्यार्थ्यांपैकी पेस्तनजी बोमनजींसारखी थोडी नावं आपल्याला माहीत असतात. बाकीचे सगळे 'ग्रिफिथ्सच्या प्रती' या दोन शब्दांत मावले. औंधचे बाळासाहेब पंतप्रतिनिधी स्वतः चित्रकार. त्यांनीही चित्रकार घेऊन अजिंठा गाठला आणि १९३२ मध्ये त्यावर पुस्तक काढलं. अजिंठ्यात नकला जळत गेल्या आणि भिंत राहिली, जुन्या वार्निशानं पिवळी पडलेली, पोपडे सुटलेली, पण राहिली. होर्युजीत भिंत जळाली आणि नकला राहिल्या.

पुण्याच्या काकांनी बसमध्ये विचारलं, "मग हे अजिंठ्यावरूनच काढलं ना?" मी म्हटलं, नाही, असं सरळ नाही सांगता येत. अजिंठ्याची ही चित्रं पाचव्या शतकातली, होर्युजीची सातव्याच्या अखेरची किंवा आठव्याच्या सुरुवातीची. मध्ये दोनशे वर्षं आणि अख्खा आशिया. अजिंठ्याचा कुणी चित्रकार तिथे गेला नाही. गेली असेल तर एक रीत गेली. छटा गडद करत नेऊन गाल, दंड, छाती गोलाईनं उठवायची ती रीत, जिला आपल्या चित्रसूत्रात वर्तना म्हणतात. आणि तीही वाटेत बदलत गेली. होर्युजीची रेषा सगळीकडे सारख्या जाडीची, ताठ. तिला लोखंडी तारेची रेषा म्हणतात. या रेषेसाठी तांग काळातल्या चांगआनमध्ये नावाजलेला चित्रकार युची यिसंग हा मूळचा खोतानचा. काकांना खोतानमध्ये रस नव्हता. त्यांनी मान डोलावली आणि खिडकीबाहेर पाहायला लागले. मला त्यांचा राग आला नाही. 'आपलं' म्हटलं की माणूस पाहायचं थांबतो एवढंच. मीही पहिल्या क्षणी पद्मपाणीच पाहिला होता.

दिल्लीला परतल्यावर एका मंगळवारी मी नोएडाहून मेट्रोनं जनपथला गेले. राष्ट्रीय संग्रहालयात ऑरेल स्टाइननं मध्य आशियातून आणलेली भित्तिचित्रं आहेत. त्यांत खोतानजवळच्या बलवस्तेचे तुकडे आहेत. मी दिल्लीत अठरा वर्षं राहते आहे. पाहुण्यांना घेऊन मोहेंजोदडोची नर्तकी पाहायला कितीदा तरी गेले, पण या तुकड्यांसमोर कधी थांबले नव्हते. भिंतीतून कापून काढलेले, कडा तुटलेल्या. तपकिरी बाह्यरेषा, हनुवटीखाली सावली, अर्धा चेहरा. अजिंठा आणि होर्युजी यांच्यामधल्या वाटेवरचा एक मुक्काम माझ्या घरापासून तासाभरावर होता आणि तो पाहायला मी नारापर्यंत जाऊन आले.

होर्युजीच्या आवारातून बसकडे चालताना गाइडबाईंनी मला आणखी एक गोष्ट सांगितली होती, बहुधा मी अनुवाद करते हे कळल्यामुळे. नकलेचे दोन प्रकार, त्या म्हणाल्या. फुकुगेन मोशा म्हणजे चित्र काढलं तेव्हा ते जसं असेल तसं पुन्हा करणं. झिजलेलं भरून काढायचं, रंग ताजे करायचे. गेन्जो मोशा म्हणजे आज जसं आहे तसं. डाग, तडे, उडालेले पोपडे यांच्यासकट. होर्युजीच्या चित्रकारांनी दुसरा प्रकार निवडला. चित्राइतक्याच काळजीनं त्यांनी भेगा रंगवल्या. मी विचारलं, भेगा रंगवणं सोपं असेल ना? त्या हसून म्हणाल्या, चेहरा कसा असावा ते सगळ्यांना ठाऊक असतं. भेग कुठे वळेल ते कुणालाच ठाऊक नसतं.

माझ्या टेबलावर सध्या एक वही आहे. मॉडेल टाउनमधल्या एका शाळामास्तरीणबाईंची हिंदीतली रोजनिशी. १९७८च्या यमुनेच्या पुरात तिची निम्मी पानं भिजली. शाई पसरलेली, कुठे ओळी गेलेल्या, कुठे वाक्याचं नुसतं क्रियापद उरलेलं. मराठी वाचकाला अडखळायला होऊ नये म्हणून त्या जागा संदर्भानं भरून काढाव्यात असं प्रकाशकाचं म्हणणं आहे, आणि ते अगदीच चूक नाही. मला त्या जागा भरता येतील. चार महिने त्या बाईंच्या वाक्यांत राहिल्यावर त्या काय म्हणाल्या असत्या याचा अंदाज येतो, आणि भीती त्याचीच वाटते. जपानला जाण्याआधी मी अकरा जागा भरलेल्याही होत्या. तिथे काय नव्हतं हे आता मला मूळ वही उघडल्याशिवाय सांगता येत नाही, इतक्या त्या बेमालूम बसल्या आहेत.

जानेवारीच्या शेवटच्या आठवड्यात मी त्या अकराही काढल्या. पानांवर आता पुन्हा मोकळी जागा आहे, वहीत जेवढी आहे साधारण तेवढीच. पट्टीनं मोजून ठेवली. प्रकाशकाचा फोन यायचा आहे.