मोहफूल ते पर्यटकाचे ताट : चंद्रपूर-गडचिरोली वनप्रदेशातील अन्नपरंपरा आणि वनहक्कांचा इतिहास

प्रस्तावना

गेल्या काही वर्षांत वनपर्यटनाला एक नवी जोड मिळाली आहे. सकाळी जंगलफेरी, दुपारी जवळच्या गावात स्थानिक जेवण आणि त्याच घरच्या चुलीजवळ बसून एखादा पदार्थ स्वतः करून पाहणे, असा एका दिवसाचा कार्यक्रम शहरी पाहुण्यांना आवडू लागला आहे. महाराष्ट्रात या कल्पनेचा पाया कृषिपर्यटनाने घातला. पांडुरंग तावरे यांनी २००४-०५ च्या सुमारास बारामती परिसरात शेतावरच्या एका दिवसाला व्यवसायाचे रूप दिले आणि राज्य शासनाने २०२० मध्ये कृषिपर्यटनाचे स्वतंत्र धोरण स्वीकारले. परंतु हाच नमुना चंद्रपूर-गडचिरोलीच्या जंगलात आणला म्हणजे एक मूलभूत प्रश्न उभा राहतो. बारामतीचा शेतकरी पाहुण्याला जो हुरडा देतो, तो त्याच्या सातबाऱ्यावरच्या शेतातला असतो. झाडीपट्टीतील गृहिणी पाहुण्याच्या ताटात जे मोहफूल किंवा जे वास्ते वाढते, ते ज्या जमिनीत आले तिच्यावर हक्क कोणाचा? या प्रश्नाचे उत्तर गेल्या पावणेदोनशे वर्षांत अनेकदा बदलले. प्रस्तुत लेखात त्या बदलांचा मागोवा घेतला आहे.

तलाव आणि जंगल

पूर्व विदर्भाचा हा भाग 'झाडी' या नावाने ओळखला जातो. वरोऱ्याकडील काळ्या जमिनीत ज्वारी आणि कापूस, तर वैनगंगेच्या खोऱ्यात धान, अशी जुन्या चांदा जिल्ह्याची ढोबळ विभागणी करता येते. धानाची शेती पावसाच्या लहरीवर सोडून चालत नाही. म्हणून चांद्याच्या गोंड राजवटीत जंगल तोडून गाव वसविणाऱ्यास आणि तलाव बांधणाऱ्यास जमीन देण्याची पद्धत पडली. तिला 'तुकूम' म्हणत. आज चंद्रपूर शहरातील एका वस्तीच्या नावात हा शब्द शिल्लक आहे. तेथील किती रहिवाशांना त्याचा अर्थ ठाऊक असेल, हा प्रश्न वेगळा! १७५१ मध्ये ही राजवट संपून चांदा नागपूरकर भोसल्यांकडे गेले. तलाव मात्र पुढेही धानाला पाणी देत राहिले.

तथापि केवळ धानावर वर्षभराचे पोट भरत नसे. कोठारातील धान्य सरत आले की जंगल उपयोगी पडे. फाल्गुन-चैत्रात मोहफूल, उन्हाळ्यात टेंभरे आणि चार, पावसाळ्याच्या आरंभी बांबूचे कोवळे कोंब म्हणजे वास्ते आणि त्यानंतर सात्या व इतर रानअळिंबी, असा हा क्रम आहे. दक्षिणेकडील भामरागड-एटापल्लीच्या माडिया वस्तीत कोसरीसारखी बारीक धान्ये, त्यांची पातळ जावा आणि झाडावरील तांबड्या मुंग्यांची मीठ-मिरची घालून वाटलेली चटणी हा आहाराचा भाग राहिला. चाराच्या बिया फोडून काढलेली चारोळी देऊन मीठ घेण्याची अदलाबदल दुर्गम भागात दीर्घकाळ टिकली. शहरात चारोळी श्रीखंडावर पेरली जाते. ती गोळा करणाऱ्याच्या घरी मात्र तिचा उपयोग प्रामुख्याने मीठ मिळविण्यापुरता होता.

या आहाराला नियमही होते. माडिया आणि गोंड समाजात नवे फळ किंवा फूल पंडूम साजरा झाल्याशिवाय खायचे नाही, असा दंडक आहे. मोहफुलांचा इरपू पंडूम, आंब्याचा मरका पंडूम ही त्याची उदाहरणे होत. धार्मिक विधी म्हणून त्याचे वर्णन पुष्कळदा केले जाते. ते खरे असले तरी अपुरे आहे. फळ परिपक्व होण्यापूर्वी कोणी ओरबाडू नये आणि वेचणीला सर्वांनी एकाच वेळी सुरुवात करावी, ही व्यवस्था त्यातून आपोआप साधली जाते. जंगलातून काय, केव्हा आणि कोणी घ्यावे हे ठरविणारा हा कायदा शासकीय वनकायद्याच्या फार पूर्वीचा आहे.

वनकायदा आणि निस्तार

१८५४ मध्ये नागपूरचे राज्य खालसा झाले आणि चांदा इंग्रजी अमलाखाली आले. चार वर्षांतच, १८५८ मध्ये, बाबुराव शेडमाके यांना चांद्यात फाशी देण्यात आले. १८६१ मध्ये मध्य प्रांताची निर्मिती झाली. १८६५ च्या वनकायद्यानंतर आलेल्या १८७८ च्या कायद्याने जंगलाची राखीव व संरक्षित अशी वर्गवारी केली. १९२७ च्या कायद्याने तीच चौकट पक्की केली. या वर्गवारीचा परिणाम भाषेतही उमटला. गावकऱ्याच्या दृष्टीने जे अन्न होते, ते सरकारी दप्तरात 'गौण वनोपज' झाले. साग प्रमुख आणि मोह गौण, हा क्रम लाकडाच्या व्यापाऱ्याचा होता. भुकेल्या माणसाने तो उलटाच लावला असता.

१८९६-९७ आणि १८९९-१९०० च्या दुष्काळांत ही गोष्ट प्रशासनालाही मान्य करावी लागली. मध्य प्रांतात खाण्याजोगी कंदमुळे व फळे वेचण्यासाठी राखीव जंगले मोकळी करण्यात आली. संकटाच्या काळात दिलेली ही सवलत म्हणजे शांततेच्या काळात काय हिरावले गेले होते याची अप्रत्यक्ष कबुलीच होय.

जिल्ह्याच्या पूर्व व दक्षिण भागात अहेरीसारख्या मोठ्या जमीनदाऱ्या होत्या. तेथील जंगले जमीनदारांकडे होती. रयतेला घरासाठी लाकूड, बांबू, चराई आणि फळफुले यांची जी मुभा असे, तिला 'निस्तार' म्हणत. १९५१ मध्ये मध्य प्रदेश शासनाने जमीनदारी व मालगुजारी हक्क नष्ट केले आणि ही जंगले शासनाच्या ताब्यात आली. जमीनदार गेल्याचा आनंद स्वाभाविक होता. परंतु गावाचा निस्तार निस्तारपत्रकात नोंदला गेला, तरी जंगलाचा कारभार वनखात्याकडे राहिला. बांबू कागद कारखान्यांना मिळू लागला. १९६९ च्या राज्य कायद्याने तेंदूपानांचा व्यापार शासनाच्या नियंत्रणात आला. तेंदूची पाने आणि टेंभरे ही एकाच झाडाची देणगी आहे; एक ठेकेदाराचा माल ठरले, दुसरे गावच्या मुलांच्या वाट्याला राहिले.

मोहफूल : अन्न की अबकारी माल?

या इतिहासात सर्वाधिक गुंतागुंत मोहाची आहे. मोहफुले पहाटे गळतात. झाडाखालचा पालापाचोळा आधीच झाडून किंवा जाळून जागा स्वच्छ केलेली असते. बायका-मुले उजाडण्यापूर्वी टोपल्या घेऊन निघतात आणि ऊन चढेपर्यंत वेचणी चालते. फुले वाळवून साठविली की वर्षभर टिकतात. खाण्यापूर्वी वाळलेली फुले चोळून आतील केसर काढावे लागतात. मग ती उकडून, भाजून किंवा तीळ-जवसाबरोबर कुटून लाडू करून खातात. बियांचे तेल स्वयंपाकात आणि दिव्यात वापरले जाई. याच फुलांपासून दारूही गाळली जाते आणि देवपूजेपासून लग्नापर्यंत तिला मान आहे.

शासनाच्या नजरेत या अनेक उपयोगांपैकी शेवटचा एकच भरला. मध्य प्रांतातील देशी दारू प्रामुख्याने मोहाची होती आणि तिच्यावरील अबकारी कर हे महसुलाचे मोठे साधन होते. साहजिकच घरी गाळलेली दारू हा गुन्हा ठरला. मुंबई इलाख्यात तर १८९२ च्या कायद्याने ठाणे व कुलाबा जिल्ह्यांत फुलांवरच नियंत्रण आणले. चांदा तेव्हा त्या कक्षेबाहेर होते. परंतु १९५६ मध्ये विदर्भ द्विभाषिक मुंबई राज्यात आला आणि पुढे १९४९ च्या मुंबई दारूबंदी कायद्याचे क्षेत्र येथपर्यंत पोचले. त्या कायद्यात मोहफुले बाळगणे, त्यांची वाहतूक व विक्री यांवर निर्बंध होते. घरातील धान्याच्या कणगीशेजारी ठेवलेली फुलांची टोपली अशा रीतीने संशयाची वस्तू बनली. हे निर्बंध राज्य शासनाने २०२१ मध्ये शिथिल केले. आज मोहाचे लाडू, सरबत, जॅम यांच्या ज्या पाककृती कौतुकाने शिकविल्या जातात, त्यांना निर्वेध बाजार मिळण्याचा काळ इतका अलीकडचा आहे.

येथे एकांगी निष्कर्ष टाळणे आवश्यक आहे. मोहावरील बंधने केवळ बाहेरून लादली गेली, असे म्हणता येत नाही. गडचिरोली जिल्ह्यात १९९३ मध्ये लागू झालेली दारूबंदी ही गावोगावच्या लोकांच्या, विशेषतः स्त्रियांच्या, चळवळीची मागणी होती. डॉ. अभय बंग यांच्यासारख्या कार्यकर्त्यांनी तिला अभ्यासाचे बळ दिले. चंद्रपूर जिल्ह्यात २०१५ मध्ये आलेली बंदी २०२१ मध्ये उठली. गडचिरोलीची कायम राहिली. ज्या हातांनी मोह वेचला त्याच हातांनी भट्ट्या फोडल्या, हे या प्रदेशाचे वास्तव आहे. 'आदिवासी पेय' म्हणून मोहाच्या दारूचे रोमँटिक वर्णन करणाऱ्या पर्यटनसाहित्यात या स्त्रियांना सहसा जागा मिळत नाही.

मेंढा-लेखा आणि वनहक्क

धानोरा तालुक्यातील मेंढा (लेखा) या गोंड गावाने हा प्रश्न मुळापासून हाताळला. देवाजी तोफा यांच्यासारखे गावकरी आणि मोहन हिराबाई हिरालाल यांच्यासारखे अभ्यासू मित्र यांच्या सहवासात गावाने सर्वसहमतीने निर्णय घेण्याची पद्धत रुजविली. 'दिल्ली-मुंबईत आमचे सरकार, आमच्या गावात आम्हीच सरकार' ही तेथील घोषणा महाराष्ट्रभर पोचली. २००६ च्या वनहक्क कायद्याने बांबूसह गौण वनोपजावरील सामूहिक हक्क मान्य केला. २००९ मध्ये सुमारे १,८०० हेक्टर जंगलावर मेंढ्याचा सामूहिक वनहक्क नोंदला गेला. देशात असा हक्क सर्वप्रथम मिळविणाऱ्या गावांत त्याची गणना होते. तरीही बांबूच्या वाहतूक परवान्याचा वाद उरलाच. २७ एप्रिल २०११ रोजी तत्कालीन केंद्रीय मंत्री जयराम रमेश यांनी स्वतः गावात येऊन परवानापुस्तक ग्रामसभेच्या हाती दिले, तेव्हा तो मिटला.

स्वयंपाकाशी याचा संबंध काय, असे विचारता येईल. वास्ते हे त्याचे उत्तर आहे. कोवळा कोंब खुडला की त्या जागी पुढे बांबू होत नाही. किती कोंब खावेत आणि किती वाढू द्यावेत, हा निर्णय जंगल ज्याच्या हाती आहे त्याचा असतो. वनखाते तो बंदीच्या स्वरूपात घेते, ग्रामसभा तो चर्चेने घेऊ शकते. चिरलेले वास्ते उकळून कडवट पाणी टाकून देण्याची रीत पाहुण्याला अर्ध्या तासात शिकविता येते. कोंब किती खुडायचे हे ठरविण्याची रीत बसवायला मेंढ्याला अनेक वर्षे लागली.

ताडोबा आणि पर्यटकाचा दिवस

प्रत्यक्ष पर्यटन मात्र प्रामुख्याने ताडोबाभोवती फिरते. गोंडांचे दैवत असलेल्या तारूवरून हे नाव आले, असे मानले जाते. १९५५ मध्ये ११६.५५ चौ. कि.मी. क्षेत्राचे राष्ट्रीय उद्यान झाले, १९८६ मध्ये अंधारी अभयारण्य घोषित झाले आणि पुढे दोहोंचा मिळून व्याघ्र प्रकल्प बनला. या गाभाक्षेत्रातून वनोपज काढण्यास १९७२ च्या वन्यजीव संरक्षण कायद्याने मज्जाव आहे. बोटेझरी, नवेगाव, जामणी आदी गावांचे बाहेर पुनर्वसन झाले. २०१० मध्ये सुमारे १,१०० चौ. कि.मी.चे बफरक्षेत्र जाहीर झाले. तेथे गावे आहेत, वेचणी आहे आणि जंगलफेरीची नवी प्रवेशद्वारेही आहेत. स्थानिक युवक-युवतींना मार्गदर्शक म्हणून रोजगार मिळाला, ही या व्यवस्थेची जमेची बाजू नाकारता येत नाही.

परंतु येथील दिवसाचे वेळापत्रक लक्षात घेण्याजोगे आहे. उन्हाळ्यात जंगलफेरीची जिप्सी पहाटे प्रवेशद्वारावर उभी राहते. मोह आणि तेंदूपाने यांच्या हंगामात बफरमधील स्त्री त्याच सुमारास पायी जंगलात शिरते. पाहुणा वाघ दिसावा म्हणून निघतो आणि ती दिसू नये म्हणून प्रार्थना करीत निघते. १० मे २०२५ रोजी सिंदेवाही तालुक्यात तेंदूपाने तोडण्यासाठी गेलेल्या तीन स्त्रिया वाघाच्या हल्ल्यात एकाच दिवशी मृत्युमुखी पडल्या. संवर्धनाच्या यशामुळे वाघांची संख्या वाढली, ती गावकऱ्यांच्या वेचणीच्या जंगलातही वाढली.

दुपारच्या जेवणाची रुची आणि चुलीजवळचा धडा यांत ही पहाट येत नाही. पाककृतीचा आरंभ वाळलेल्या फुलांच्या वाडग्यापासून होतो. केसर चोळून कसे काढायचे, लाडवाला गूळ किती, हे यजमानीण समजावून सांगते. आणि फुले कोठून आणली असे एखाद्या पाहुण्याने विचारलेच, तर ती हाताने जंगलाची दिशा दाखविते.