तळं कोणी खणलं?

दोस्तहो, वाशीमला गेलात तर गाईड तुम्हाला दोन वाशीम दाखवतो. एक वत्स ऋषीचं, दुसरं वाकाटक राजाचं. तिसरं वाशीम तो दाखवत नाही. त्यात त्याचा दोष कमी, कारण त्याला ते कोणी शिकवलेलंच नाही. त्या तिसऱ्या वाशीमबद्दल मला लिहायचं आहे.

आम्ही सहाजण गेलो होतो. मी गिरणीत साच्यावर काम करणारा. बाकीचे कोणी हमाल, कोणी कॉलेजात, एक जण शिकून घरी बसलेला. जीप भाड्यानं घेतली. माहिती सांगायला गावातले एक रिटायर मास्तर सोबत आले. सगळे त्यांना गुरुजी म्हणतात. माणूस सज्जन. चहाशिवाय कशाला हात लावला नाही. जे पाठ होतं ते मनापासून सांगत होते.

आधी बालाजीचं देऊळ. आमच्यातले दोघे बाहेरच थांबले. बावीस प्रतिज्ञा घेतल्या आहेत, आत कायले जाऊ, म्हणाले. बाकीचे आत गेलो. हात जोडायला नाही, वाचायला. कोणी अडवलं नाही. पण हे न अडवणं आकाशातून पडलेलं नाही. इथून जवळच अमरावतीला अंबादेवीच्या देवळात जाण्यासाठी आपल्या माणसांना १९२७ साली सत्याग्रहाची तयारी करावी लागली होती, आणि त्या नोव्हेंबरातल्या परिषदेला खुद्द बाबासाहेब अध्यक्ष होते. तेव्हा आत जाणारा आणि बाहेर थांबणारा, दोघेही एकाच लढ्याची पोरं आहेत. यावरून आपसात भांडू नये.

गुरुजी सांगत होते, वत्स ऋषीनं इथं तप केलं, देव गोळा झाले, म्हणून वत्सगुल्म. इथं १०८ तीर्थं. हे पद्मतीर्थ, विष्णूनं केलेलं. शेजारी देव तलाव. मग म्हणाले, "हे सगळं अतिप्राचीन आहे बरं का पोरांनो."

इथं पहिली गाठ सोडवली पाहिजे. बालाजीचं हे देऊळ नागपूरकर भोसल्यांच्या कारभारातला माणूस भवानी काळू यानं बांधलं, अठराव्या शतकाच्या उत्तरार्धात. वाकाटकांची राजधानी वत्सगुल्म ही चौथ्या-पाचव्या शतकातली. मध्ये चौदाशे वर्षं गेली. गाईडच्या एका वाक्यात ती चौदाशे वर्षं गडप होतात. सगळं एकदमच 'अतिप्राचीन' होतं आणि अतिप्राचीन म्हटलं की प्रश्न विचारायची सोय उरत नाही. म्हणून इतिहासात सन लागतो. सन हा आपला पहिला हत्यार.

आता जे पुराव्यानं माहीत आहे ते सांगतो. वाकाटकांच्या दोन मुख्य शाखा. थोरली रामटेकजवळच्या नंदिवर्धनची. दुसरी वत्सगुल्मची, म्हणजे आपल्या वाशीमची. तिचा मूळ पुरुष सर्वसेन, इ. स. ३३० च्या सुमाराचा. त्याचा मुलगा विंध्यसेन. या विंध्यसेनाचे ताम्रपट वाशीमलाच १९३९ साली उजेडात आले. तोवर या शाखेची नीट ओळख जगाला नव्हती. अजिंठ्याचा लेख होता, पण त्यातली नावं जुळत नव्हती. चार पत्रे सापडले आणि एक राजघराणं उभं राहिलं. महामहोपाध्याय मिराशींनी या घराण्याचे सगळे लेख पुढं एकत्र छापले. लायब्ररीत बसून वाचता येतात. त्याला डिग्री लागत नाही, चिकाटी लागते.

या ताम्रपटात वंशावळ संस्कृतात आहे आणि प्रत्यक्ष हुकूम प्राकृतात. म्हणजे बडेजाव सांगायचा तेव्हा संस्कृत. काम करून घ्यायचं तेव्हा लोकांना कळेल अशी भाषा. सर्वसेनानं स्वतः प्राकृतात 'हरिविजय' नावाचं काव्य लिहिलं होतं, ते आज हरवलेलं आहे. आपण 'मले, तुले' बोललो की शाळेत हसणारे हसले. त्यांना सांगा, या मातीतला राजा सोळाशे वर्षांपूर्वी देवभाषा बाजूला ठेवून लोकांच्या बोलीजवळच्या भाषेत काव्य करत होता.

पण त्या हुकुमात आहे काय? अथर्ववेदी ब्राह्मणांना गाव दान दिलं, हे. आणि गाव दान देताना त्याला काय काय माफ केलं याची यादी. वाकाटकांच्या ताम्रपटांत अशी यादी नेहमी असते. या गावात शिपाई शिरणार नाहीत. फुलं-दूध घेतलं जाणार नाही. फिरतीवर आलेल्या अंमलदारासाठी चारा, बसायला कातडं आणि कोळसा मागितला जाणार नाही. मिठावर, खाणीवर राजाचा हक्क नाही. आणि सगळ्यात महत्त्वाचं, विष्टी माफ.

विष्टी म्हणजे वेठ. फुकटची बेगार.

ही यादी उलटी वाचायची. ज्या गावाला माफी मिळाली त्याचं नाव ताम्रपटावर आलं. ज्यांना माफी मिळाली नाही त्यांचं नाव कुठंच नाही, पण त्यांचं जगणं त्या यादीत पुरं लिहिलेलं आहे. त्यांच्या गावात शिपाई शिरत होते. त्यांचं दूध जात होतं. त्यांना कातडं आणि कोळसा द्यावा लागत होता. त्यांना वेठीला धरलं जात होतं. थोरल्या शाखेच्या दुसऱ्या प्रवरसेनानं अचलपूरकडं चम्मक इथं एक हजार ब्राह्मणांना जमीन दिली, तिथंही अशाच माफ्या. दानपत्र दान घेणाऱ्यासाठी लिहिलेलं असतं. पण ज्याला दान मिळालं नाही त्याची साक्ष त्यात दडून बसलेली असते. ती काढायची कला आपल्याला शिकायची आहे.

दुपारी हिस्से बोराळ्याला गेलो. वाशीमपासून जवळच. इथं देवसेन राजाच्या काळचा शिलालेख मिळाला आहे. शक ३८०, म्हणजे इ. स. ४५८ च्या सुमारास. राजाचा आज्ञाकर स्वामिल्लदेव यानं 'सुदर्शन' नावाचं तळं करवलं, असा मजकूर. आज पाहायला गेलात तर डोळ्यांत भरेल असं काही नाही. शेतं आहेत, ऊन आहे. एक म्हातारी मावशी निंदण करत होती. तिला विचारलं तर म्हणे, "व्हतं म्हन्तेत बापा तयं. आमाले तं विहीरच पुरत नाई."

गुरुजी म्हणाले, "राजानं केवढं मोठं तळं बांधलं बघा."

आमच्यातला हमाल हळूच म्हणाला, "राजानं टोपलं उचललं का जी?"

गुरुजी हसले. पण मग गप्पही झाले. प्रश्न चेष्टेचा नव्हता.

सुदर्शन हे नाव जुनं आहे. गिरनारच्या पायथ्याशी जुनागढला एक सुदर्शन तलाव होता, मौर्यांच्या काळचा. तो फुटला तेव्हा रुद्रदामन राजानं दुरुस्त केला, इ. स. १५० च्या सुमारास. त्याच्या लेखात तो अभिमानानं सांगतो की हे काम मी प्रजेवर कर, विष्टी आणि जबरदस्तीची वर्गणी न लादता केलं. दोस्तहो, थांबून विचार करा. राजाला ही बढाई का मारावी लागली? कारण तळं म्हटलं की वेठ, हा सगळीकडचा रिवाज होता. जो रिवाज नसतो तो मोडल्याची फुशारकी कोणी मारत नाही. तोच तलाव पुन्हा फुटला आणि स्कंदगुप्ताच्या काळात, ४५६ च्या सुमारास, पुन्हा बांधला गेला. म्हणजे बोराळ्याचं सुदर्शन आणि गिरनारची दुसरी दुरुस्ती जवळपास एकाच वेळची. दोन ठिकाणी हजारो टोपल्या माती वाहिली गेली. टोपली उचलणाऱ्या एकाचंही नाव आपल्यापर्यंत आलं नाही.

आता इथं सावध व्हायला पाहिजे. बोराळ्याचं तळं वेठीनंच खणलं असा पुरावा माझ्याकडं नाही. विष्टी कोणत्या जातीच्या माथ्यावर होती हेही ताम्रपट जातीनिशी सांगत नाही. म्हणून 'आपल्याच पूर्वजांनी खणलं' असं मी छाती ठोकून म्हणणार नाही. मी एवढंच म्हणतो की वेठ ही राज्याची रीत होती, ती लेखी आहे, आणि मोठी कामं कोणाच्या तरी पाठीवर झाली.

पण काळ बघा. बाबासाहेबांनी १९४८ च्या 'द अनटचेबल्स' या ग्रंथात अस्पृश्यतेच्या जन्माचा काळ इ. स. ४०० च्या आसपास ठरवला. बौद्ध आणि ब्राह्मणी धर्मांच्या झगड्यातून ती जन्मली, असं त्यांचं म्हणणं. त्याच सुमारास फाहियान हा चिनी भिक्षू उत्तर भारतात फिरला. चांडाळ गावाबाहेर राहतात आणि नगरात येताना लाकूड वाजवत येतात, असं त्यानं लिहून ठेवलं. इ. स. ४०० म्हणजे नेमका वत्सगुल्मच्या वाकाटकांचा काळ. आपण ज्याला सुवर्णयुग म्हणून पाठ करतो त्याच युगात आपल्या गळ्यातल्या मडक्याची माती मळली जात होती. बाबासाहेबांनी हेही सांगितलं आहे की जिथं पुरावा तुटतो तिथं इतिहासकाराला तर्कानं सांधावं लागतं. त्यांनी सांधा कुठं आहे ते लपवलं नाही. आपणही लपवू नये.

संध्याकाळी जीपमध्ये याच्यावरच भांडण झालं. कॉलेजातला मित्र म्हणाला, "हे सगळं बुद्धाचंच व्हतं. बालाजीही बुद्धच. लिहून टाक." मी नाही म्हटलं. एका पुराणाला दुसऱ्या पुराणानं उत्तर देणं हा आपला रस्ता नाही. आणि गरजही नाही, कारण खरा पुरावा भरपूर आहे. देवसेनाचा मुलगा हरिषेण. त्याचा मंत्री वराहदेव. या वराहदेवानं अजिंठ्याची १६ नंबरची लेणी भिक्षुसंघाला दिली, तसा लेख तिथं कोरलेला आहे. १७ नंबरची लेणी हरिषेणाच्या एका मांडलिकानं दिली. म्हणजे ज्या अजिंठ्यापुढं जग मान झुकवतं त्याचा मोठा भाग वत्सगुल्मच्या राज्यात घडला. आणि याच वराहदेवाच्या घराण्याची हकीकत घटोत्कच लेण्यात आहे. घराणं मुळात ब्राह्मण, पण त्यातल्या एका पूर्वजाला क्षत्रिय बायको होती आणि तिच्याकडून हा वंश आला. राजे स्वतः ब्राह्मणी धर्माचे, मंत्री बुद्धाच्या संघाला दान देणारा. इतिहास असा गुंतलेला असतो. तो सरळ करून सांगितला की तो प्रचार होतो, मग तो त्यांचा असो की आपला.

वाशीमच्या गाईडनं बालाजी दाखवला, पद्मतीर्थ दाखवलं. अजिंठ्याचं नाव काढलं नाही. हे नाव वाशीमच्या चौकात मोठ्या अक्षरात लागलं पाहिजे. ही मागणी करा. पुराव्यासकट करा.

शेवटी शिरपूरला थांबलो होतो. अंतरिक्ष पार्श्वनाथाचं जैन देऊळ. मूर्ती जमिनीला टेकत नाही अशी श्रद्धा. श्वेतांबर आणि दिगंबर यांचा इथला वाद १९२९ साली थेट लंडनच्या प्रिव्ही कौन्सिलपर्यंत गेला. पुढं १९८१ पासून देऊळ बंद पडलं. सुप्रीम कोर्टाच्या आदेशानंतर २०२३ साली उघडलं. बेचाळीस वर्षं! मला त्यात एक गोष्ट शिकण्यासारखी वाटली. दोन्ही बाजूंकडं कागद होते. करार, निकाल, पावत्या, पिढ्यान्‌पिढ्या सांभाळलेल्या. ज्याच्याकडं कागद, त्याचा इतिहास कोर्टात उभा राहतो.

आपल्याकडं काय आहे? वेठ ताम्रपटात संपली नाही. ती वतन होऊन महाराच्या दारात येऊन बसली. बाबासाहेबांनी १९२८ साली मुंबई कौन्सिलात त्याविरुद्ध बिल आणलं. कनिष्ठ गावकामगार वतनं रद्द करणारा मुंबई राज्याचा कायदा झाला तो १९५८ साली, त्यांच्या महापरिनिर्वाणानंतर. विष्टीपासून वतनापर्यंत दीड हजार वर्षं. आणि तळ्याचं म्हणाल तर, खणणाऱ्याला त्याच तळ्याचं पाणी पिण्यासाठी २० मार्च १९२७ ला महाडला जावं लागलं.

म्हणून काम सांगतो. नुसतं वाचून बाजूला ठेवू नका. आपल्या वऱ्हाडात कोतवाल बुक असायची. गावातला जन्म-मृत्यू त्यात नोंदलेला असायचा. ती नोंद गावातून ठाण्यात पोचवणारा कोतवाल पुष्कळदा आपल्याच वस्तीतला होता. सगळ्या गावाच्या जन्म-मरणाची खबर ज्यानं पायी वाहिली, त्याच्या स्वतःच्या आज्याचं नाव पोराला सांगता येत नाही. जा, नकला काढा. म्हाताऱ्यांना विचारा, वेठीला कोण कोण जात होतं, काय काय मागत होते. कातडं मागत होते का, कोळसा, सरपण, घोड्याला गवत? गावाचं नाव लिहा, सन लिहा, सांगणाऱ्याचं वय लिहा. खरं तेवढंच लिहा. वहीचे चार पानं झाले तरी चालतील. वाशीमचं एक घराणं चार पत्र्यांवर उभं राहिलं.