शिल्लक किती? : एका हिशेबाचा इतिहास



इतिहास केवळ राजांचा व लढायांचा नसतो, मोजमापांचाही असतो. त्यातील एकच प्रश्न मी आज घेतो. काही काळ वापरलेल्या बॅटरीत वीज शिल्लक किती? वरवर पाहता ही साधी वजाबाकी वाटते. ती तशी का नाही, हे मला सांगावयाचे आहे.

१८५९ साली फ्रान्समधील गास्तों प्लांते यांनी शिशाच्या पत्र्यांचा, पुन्हा भारता येणारा घट सिद्ध केला. फॅरडे यांच्या नियमांमुळे वाहिलेली वीज आणि खर्ची पडलेले द्रव्य यांचे प्रमाण तत्पूर्वीच ठाऊक होते. म्हणून एकूण अँपिअर-तासांतून खर्च वजा करावा, बाकी ती शिल्लक, हा हिशेब स्वाभाविकच होता. १८८२ मध्ये ग्लॅडस्टन व ट्राइब यांनी घट वापरताना गंधकाम्लही खर्च होते, हे दाखविले. त्यामुळे आम्लाची घनता मोजून शिल्लक अजमावण्याच्या रीतीला शास्त्रीय आधार मिळाला. भरलेल्या घटात ती साधारण १.२८ असते व वापराबरोबर उतरत जाते.

परंतु १८९७ साली जर्मन शास्त्रज्ञ पॉयकर्ट यांनी दाखविले, की प्रवाह जितका मोठा, तितकी हाती येणारी एकूण वीज कमी. शंभर अँपिअर-तासांची बॅटरी ५ अँपिअरने २० तास चालते असे समजा. प्रवाह चौपट, म्हणजे २० अँपिअर केला, तर वजाबाकीने ५ तास मिळावयास हवेत. पॉयकर्ट यांच्या सूत्रात घातांक १.२ धरला, तर मिळतात सुमारे पावणेचार. दोन तासांनंतर आपण तीन तास उरले असे समजतो; प्रत्यक्षात पावणेदोनच उरलेले असतात.

मग उरलेली वीज नष्ट झाली काय? नाही. जोराच्या प्रवाहात पत्र्यांच्या छिद्रांतील आम्ल आधी संपते आणि बाहेरचे आम्ल तितक्या त्वरेने आत पोहोचत नाही. घटाला विसावा द्या, वा प्रवाह कमी करा; ती वीज बऱ्याच अंशी पुन्हा मिळते. म्हणजे शिल्लक केवळ मागील खर्चावर ठरत नाही, पुढील मागणीवरही ठरते.

या हिशेबावर माणसांचे प्राण अवलंबून होते. दुसऱ्या महायुद्धातील जर्मनीची ‘सात-सी’ जातीची पाणबुडी पाण्याखाली ४ नॉट वेगाने सुमारे ८० सागरी मैल, म्हणजे वीस तास जाऊ शके. वेग वाढविला, की पाण्याचा विरोध झपाट्याने वाढे, प्रवाह अधिक लागे, आणि बॅटरीची उपलब्ध वीजही घटे. पाठलाग चुकविण्यासाठी वेगाने निसटावे की हळूहळू सरकत राहावे, हा निर्णय शिलकेच्या अंदाजावरच घ्यावा लागे.

१९९१ मध्ये लिथियम-आयन बॅटरी बाजारात आली. तिच्यात पॉयकर्ट यांचा परिणाम बराच सौम्य आहे. आत-बाहेर जाणाऱ्या विजेची नोंद एक चिमुकली चकती ठेवते आणि पडद्यावर टक्का दाखविते. तथापि थंडी, वार्धक्य व मागणी यांनी तो टक्काही बदलतो. म्हणून त्याकडे मी अंदाज म्हणूनच पाहतो. विद्यार्थ्यांना माझे सांगणे इतकेच : ‘किती उरले?’ असे विचारताना ‘कशासाठी?’ हेही विचारावे.